असल उत्तरचा ऊस आणि पॅटन
लेखात पाकिस्तानचा पॅटन रणगाडाच कुचकामी होता असं लिहिलंय ते काय पटलं नाही राव. १९६५ च्या भारत-पाक युद्धात पंजाबातल्या असल उत्तरला आपल्या लोकांनी रानात पाणी सोडलं, आपले सेंच्युरियन रणगाडे उभ्या उसात दडवले आणि ४० टनांच्या वरचं ते पॅटनचं धूड चिखलात रुतलं, आमच्या शिरोळकडं पाणी पाजलेल्या रानात कोण साधा ट्रॅक्टर घालत नाही, मग ह्याचं काय होणार! आणि आपल्या सैन्यातल्या अब्दुल हमीदांची १०६ एमएमची रिकॉइललेस गन (मागं धक्का न देणारी रणगाडाविरोधी तोफ) जीपवर होती, तिच्या मागनं एवढा जाळ नि धुरळा उठतोय की एक गोळा टाकला की जागा कळतीच, लगेच जीप हलवायला लागती, तरी गड्यानं एकामागनं एक पॅटन उडवले (परमवीर चक्र उगच मिळत नाही). त्या गनवर लेखात एकच ओळ, हे मात्र लई खटकलं.