'डेंजर आयलंड'ची कथा मुळात मोटोची नव्हतीच

जुन्या हॉलिवूडपटांच्या चाहत्यांमध्ये एक माहिती वर्षानुवर्षे पुढे पाठवली जाते. 'मिस्टर मोटो इन डेंजर आयलंड' हा १९३९ चा रहस्यपट अमेरिकी लेखक जॉन मार्क्वांड यांच्या, मोटो हा जपानी नायक असलेल्या कादंबरीवर बेतलेला आहे, त्यातला मोटो जपानचा हेर आहे आणि पर्ल हार्बर या अमेरिकी नौदल तळावरील जपानच्या हल्ल्यामुळे ही मोटोपटांची मालिका बंद पडली, असे तीत सांगितलेले असते. यांपैकी एकही विधान टिकत नाही.

पहिले विधान कथेविषयीचे आहे. मार्क्वांड यांनी मोटोला कॅरिबियन बेटावर नेले, हे खरे आहे आणि गोंधळाचे मूळ बहुधा तिथेच असावे; परंतु ती कादंबरी, 'लास्ट लाफ, मिस्टर मोटो', पुस्तकरूपाने आली १९४२ मध्ये, म्हणजे चित्रपटानंतर तीन वर्षांनी. चित्रपटाची कथा घेतली आहे ती जॉन व्हॅन्डरकुक यांच्या 'मर्डर इन त्रिनिदाद' या १९३३ च्या कादंबरीवरून, आणि तिच्यात मोटो नाही. तिथे तपास करतो बर्ट्रम लिंच. फॉक्स कंपनीने १९३४ मध्ये त्याच नावाचा चित्रपट काढला, तेव्हा लिंचची भूमिका नायजेल ब्रूस यांनी केली होती. पुढे शेरलॉक होम्सपटांतले डॉ. वॉटसन म्हणून जगाला ठाऊक झालेले ब्रूस ते हेच, आणि त्यांना मुख्य गुप्तहेराच्या जागी पाहण्याची ही संधी रसिकांनी मुळीच सोडू नये. हिऱ्यांच्या चोरट्या व्यापाराची ही कथा स्टुडिओने पाच वर्षांनी पोर्तो रिकोत हलवून मोटोच्या हवाली केली आणि १९४५ मध्ये जेम्स डन यांना घेऊन 'द कॅरिबियन मिस्ट्री' या नावाने तिसऱ्यांदा वापरली. माझ्या मते या स्थलांतरात कथेचे नुकसानच झाले, कारण त्रिनिदादपासून तेव्हाच्या ब्रिटिश गियानातील हिऱ्यांच्या खाणी फार दूर नव्हत्या, त्यामुळे तिथे तस्करीला जो भौगोलिक आधार होता तो पोर्तो रिकोत उरला नाही.

दुसरे विधान कादंबऱ्यांपुरते बरोबर आहे, कारण मार्क्वांड यांचा मोटो जपानच्या सम्राटाचाच हस्तक आहे. पडद्यावरच्या मोटोला मात्र आंतरराष्ट्रीय पोलिसांचा माणूस करण्यात आले. पोर्तो रिको १८९८ पासून अमेरिकेच्या ताब्यात आहे आणि चित्रपटात मोटो तिथल्या प्रशासनाच्या बाजूने तस्करांचा माग काढतो; त्याला जपानचा हेर ठरवले तर कथानकाला अर्थच उरत नाही.

तिसऱ्या विधानासाठी तारखा पुरेशा आहेत. अभिनेते पीटर लॉरी यांनी मोटोची भूमिका केलेले आठही चित्रपट १९३७ ते १९३९ या काळातले आहेत, तर पर्ल हार्बरवर हल्ला झाला ७ डिसेंबर १९४१ रोजी. मालिका त्यापूर्वी दोन वर्षांहून अधिक काळ थांबलेली होती. जुलै १९३७ मध्ये जपानने चीनवर युद्ध लादल्यापासून अमेरिकेत जपानविरोधी भावना वाढत होती आणि त्यामुळे जपानी नायक स्टुडिओला अडचणीचा झाला, हे मान्य करायलाच हवे. लॉरीही या भूमिकेला कंटाळले होते. पण ही कारणे हळूहळू साचत गेलेली आहेत, एका सकाळच्या हल्ल्याने घडलेली नाहीत. हल्ल्यानेच मोटो संपला असता, तर १९४२ मध्ये, युद्ध पेटलेले असताना, त्याचेच नाव मिरवणारी मार्क्वांड यांची कॅरिबियन कादंबरी अमेरिकी वाचकांपुढे आली नसती.