सरदेसाई हा हुद्दा आहे, एकच घराणं नव्हे

बडोद्यातल्या मराठी मंडळींच्या फोनवर सध्या एक मजकूर फिरतो आहे: 'पेशवे दप्तर सरदेसाई घराण्याने जपलं, रियासती त्याच घराण्याने लिहिल्या, म्हणून प्रत्येक सरदेसाई या इतिहासाचा वारस.' दांडिया बाजारात तो कौतुकाने वाचला जातो, कारण 'रियासत' नावाचे इतिहासग्रंथ लिहिणारे रियासतकार गोविंद सखाराम सरदेसाई सयाजीराव महाराजांच्या पदरी होते. त्यांचा अभिमान मलाही आहे, म्हणूनच हे लिहितो.

पेशवे दप्तर म्हणजे पेशव्यांच्या कारभाराचे कागद. ते कुठल्याही सरदेसायांच्या माळ्यावर नव्हते. १८१८ साली पेशवाई बुडाली आणि ते कागद इंग्रजांच्या ताब्यात गेले. पुण्यात त्यांचे हजारो रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले गठ्ठे, ठेवले होते. बडोद्याची नोकरी संपल्यावर सरदेसायांनी मुंबई सरकारच्या कामासाठी त्यांतून निवडक कागद काढले, आणि १९३० पासून त्याचे ४५ खंड छापले गेले. ते संपादक होते. कागद लिहिणारे कारकून, वकील, सरदार वेगळे, आणि ते रुमालात टिकवणारेही वेगळे. मुखपृष्ठावरचं आडनाव कागदाच्या मालकाचं धरलं, की मोडीत रात्रंदिवस लिहिणाऱ्या त्या माणसांची नावंच पुसली जातात. मला सर्वांत जास्त हे खुपतं.

आता आडनाव. देसाई म्हणजे परगण्याचा वतनदार, सरदेसाई त्यांच्यावरचा. जिथे असं वतन होतं तिथे हे आडनाव लागू शकतं, रक्ताचं नातं असो वा नसो. सावंतवाडीच्या सावंत भोसल्यांचंच बघा. कुळाने भोसले, पण कुडाळ प्रांताची सरदेसाईकी त्यांच्याकडे, म्हणून जुन्या कागदांत ते सरदेसाई. त्यांना रियासतकारांचे भाऊबंद ठरवायचं का? फडणीस, पोतनीस, पारसनीस यांचीही तीच गोष्ट.

आडनावाचा धागा कधीच खरा नसतो, असं मात्र नाही. बखरकार मल्हार रामराव चिटणीस खरोखरच शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी यांच्या वंशातले. पण तिथे वंशावळ आहे. नुसत्या आडनावावरून कुणी ते ठरवलेलं नाही.

रियासती घराण्याने लिहिल्या, हे तर सरळ अन्यायाचं आहे. १८६५ साली रत्नागिरीकडच्या खेड्यात जन्मलेला मुलगा बडोद्यास येतो, राजपुत्रांना शिकवता शिकवता टिपणं काढतो आणि १८९८ मध्ये 'मुसलमानी रियासत' छापतो. पुढे मराठी रियासतीचे भाग येतात. चुका सापडल्या की सुधारून पुन्हा लिहितो. हे एका माणसाचं आयुष्यभराचं बैठं काम आहे. ते वतनासारखं वाटून घेता येत नाही.

कुणाच्या घरी जुना रुमाल निघालाच, तर आडनाव जुळतं का हे बघण्याआधी मोडी जाणणाऱ्याकडून पत्राचा मायना वाचून घ्या. पत्र कुणी कुणाला लिहिलं, ते तिथे असतं. आणि रुमाल कुणाच्या कपाटातून निघाला, तेही त्याच दिवशी लिहून ठेवा.