आजीचे रुपये घासू नका

आमच्या घरी लक्ष्मीपूजनाला आजीचे अकरा चांदीचे राजाछाप रुपये मांडतात. लहानपणापासून ते टूथपावडरने घासून लख्ख करायचं काम माझं. केवढा अभिमान होता मला त्या चकाकीचा!

गिरगावातली चाळ रिडेव्हलपमेंटला गेली, सामान हलवताना वाटलं, एकदा किंमत तरी कळावी. फोर्टात नाण्यांची जाण असलेल्या एका आजोबांना दाखवले. त्यांनी भिंग लावलं, एक रुपया बाजूला काढला आणि म्हणाले, "1911चा आहे. आणि घासलाय." असं म्हणाले, जणू मी कुणाचं थडगं उकरलंय.

त्या वर्षीच्या रुपयावर पंचम जॉर्जच्या झग्यावरचा हत्ती असा काही उमटला, की लोकांना तो डुक्कर वाटला. ओरड झाली, बरेच रुपये वितळवले गेले, 1912 पासून हत्ती सुधारला. म्हणून वाचलेल्यांना मागणी. पण संग्राहक बघतो ती झिज. घासलेल्या नाण्याचा भाव पडतो, आणि गेलेलं पाणी परत चढत नाही. मागच्या बाजूला फुलाखाली ठिपका असला की रुपया मुंबईच्या टाकसाळीत पाडलेला. माझ्या रुपयावर तो ठिपका आहे. म्हणजे होता बहुतेक.

सराफाकडे गेलात तर तो फक्त वजन बघेल. जुना रुपया बरोबर एक तोळ्याचा, पण 1940 पासूनच्यात चांदी निम्मीच आणि 1947चा तर नुसता निकेलचा. आणि "जुन्या नाण्याचे लाखो मिळवा, आधी फी भरा" म्हणणाऱ्यांच्या नादी लागू नका; रिझर्व्ह बँकेनेही 2021 साली यावर इशारा दिला होता.

(आजीची पैठणी मात्र वाचली. ती बोहारणीला द्यायची आईची हिंमत झाली नाही. आता मलमलीत गुंडाळलीय, घडी अधूनमधून बदलते, नाहीतर जरतार घडीवर तुटते.)

माझं मत विचाराल तर भावापेक्षा मोठं नुकसान वेगळंच आहे. कुठला रुपया कुणाचा, हे आता एकट्या काकांना ठाऊक. काल फोन केला. "तो 1911चा? आमच्या आजोबांच्या गिरणीतल्या पगारातला. आजी कनवटीला लावून फिरायची." लगेच चिठ्ठी लिहिली आणि रुपयासोबत कागदी पाकिटात टाकली. प्लॅस्टिकच्या मऊ पिशवीत नाणी हिरवी पडतात म्हणे, फोर्टातल्या आजोबांनी बजावलंय.

आई विचारतेय, यंदा पूजेला न घासता काळेच रुपये मांडायचे का?

मांडायचे.