केस मुरवावी कशी

तर तुमच्यावर क्रिमिनल केस आहे, ती इतकी वर्षं पडून आहे की फाईलचा दोरासुद्धा कुजलाय, आणि कुणीतरी तुमच्या कानात सांगितलंय की फारच उशीर झाला तर कोर्ट खटला न चालवताच केस काढून टाकतं. अभिनंदन, बातमी खरी आहे. फक्त उशीर नीट मुरवावा लागतो, आणि तिथेच भले भले चुकतात.

सर्वात आधी, स्वतः तारीख मागायची सवय सोडा. वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात आहेत, कंबर धरलीय, हजेरी माफीचा अर्ज, हे सगळं रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या नोंदीत) उतरत असतं, आणि पंधरा वर्षांनी तुम्ही हायकोर्टात "फार उशीर झाला हो" म्हणून गेलात की सरकारी वकील तोच रोजनामा काढून मोठ्याने वाचतात. उशीर हवा तो सरकारी. तपास अधिकाऱ्याची बदली व्हावी, मुद्देमाल सापडू नये, खटल्याच्या मंजुरीचा कागद फिरत राहावा, आणि तुम्ही मात्र प्रत्येक तारखेला दहा वाजता बाकावर हजर. आपल्याकडे लाचेची एक केस होती, आरोप 1981 चा. हायकोर्टाने 1990 मध्ये सांगितलं, तीन महिन्यांत तपास संपवा. त्यानंतर 1998 पर्यंत काहीच हललं नाही. 2009 मध्ये सुप्रीम कोर्टाने केस रद्द केली. आता असे तपास अधिकारी सगळ्यांच्याच वाट्याला येतात असं नाही, तो नशिबाचा भाग.

मग किती वर्षं थांबायचं? हा प्रश्न कृपया भारतात विचारू नका. डिसेंबर 1991 मध्ये अंतुले खटल्यात (हो, तेच, माजी मुख्यमंत्री) घटनापीठाने सांगितलं की जलद खटला हा राज्यघटनेच्या कलम 21 मधला हक्क आहे, पण त्याला आकडा लावता येणार नाही. 1996 पासून दोन-तीन निकालांत आकडे आले, लोक बोटं मोजायला लागले, आणि 2002 मध्ये सात न्यायमूर्तींनी ते सगळे आकडे पुसून टाकले. म्हंजे हक्क आहे, कधी मोडला ते मात्र मोडल्यावर बघू. तुम्हाला आकडाच हवा असेल तर गुन्हा कॅनडात करा, तिथल्या सुप्रीम कोर्टाने 2016 मध्ये सरळ सांगून टाकलंय: खालच्या कोर्टात 18 महिने, वरच्या कोर्टात 30, त्याच्या पुढे गेलं तर कारण सरकारने द्यायचं. तुम्ही स्वतः घालवलेला वेळ तेही वजा करतात, तेव्हा फार खुश होऊ नका.

ओरडायचं की गप्प बसायचं, यातही गोम आहे. अमेरिकेत केंटकीच्या एका खून खटल्यात सरकारने 16 वेळा तारीख पुढे ढकलून घेतली, कारण आधी साथीदाराला शिक्षा लावून मग त्यालाच साक्षीला उभा करायचं होतं. आरोपी पहिल्या अकरा वेळा काहीच बोलला नाही, बाराव्या वेळी बोलला. पाच वर्षं गेली, आणि 1972 मध्ये तिथलं सुप्रीम कोर्ट म्हणालं की याला खटला नकोच होता असं दिसतंय. हरला. उलट तिथलाच दुसरा एक जण, ज्याच्यावर आरोपपत्र आहे हेच त्याला माहीत असल्याचं सिद्ध झालं नाही, आरोपपत्रानंतर साडेआठ वर्षांनी पकडला गेला; त्यातली शेवटची सहा वर्षं तो देशातच स्वतःच्या नावाने राहिला, शिकला, लग्न केलं, नोकरी केली, आणि तेव्हा पोलिसांनी शोधलंच नाही. तो 1992 मध्ये सुटला. आपल्याकडे अंतुले निकालात म्हटलंय की मागणी केली नाही म्हणून हक्क जात नाही, तरी एखादा अर्ज टाकून ठेवा, पोच सांभाळा. फार अर्जही नकोत, नाहीतर तेच लांबवायचे डावपेच ठरतात.

आणि नुसती वर्षं मोजून हुरळून जाऊ नका. समस्तीपूरला जानेवारी 1975 मध्ये बॉम्बस्फोट झाला, त्यात रेल्वेमंत्री ललित नारायण मिश्रा गेले. 2012 मध्ये आरोपी सुप्रीम कोर्टात म्हणाले, आता तरी थांबवा. कोर्ट नाही म्हणालं. निकाल डिसेंबर 2014 मध्ये लागला, शिक्षेचा.

शेवटचं आणि सगळ्यात मजेशीर, तुमचं नुकसान दाखवा. उशिरामुळे बचाव कसा मोडला ते कोर्ट विचारतं. त्या रात्री तुम्हाला दुसरीकडे बघणारा शेजारी वारला असेल तर तो काय बोलला असता ते सांगा, जमल्यास त्याच्याकडून लिहून घ्या. जिवंत असेल आणि विसरला असेल तर नेमकं काय विसरला ते त्याला आठवून सांगायला सांगा. केंटकीच्या त्याच निकालात न्यायमूर्तींनी कबूल केलंय की विसरलेली गोष्ट क्वचितच दाखवता येते. तुम्हाला मात्र ती दाखवायचीच आहे, पुढच्या तारखेला, दोन प्रतींत.