चर खणून गडगंज कसं व्हावं

काल आमच्या गेटसमोर पाण्याचा टँकर मागच्या चाकांसकट रस्त्यात बसला. पाइपलाइनसाठी चर खणून रस्ता आत्ताच 'पूर्ववत' झालेला, फोटोही काढून नेलेले, बिल निघालंच असेल. तुम्हालाही या धंद्यात यायचं असेल तर घ्या लिहून.

पाइप घ्या स्वस्तातला, जस्ताचा थर नावापुरता असलेला. सगळीकडून गंजणारा पाइप निदान दिसतो तरी, लोक बोंब मारतात. टाचणीच्या टोकाएवढा खड्डा पडला की बाहेरून पत्ता लागत नाही, त्या खड्ड्यातलं पाणी आम्लधर्मी होत जातं आणि धातू सरळ खोल खात सुटतं. एक दिवस कारंजं! म्हणजे नवी वर्क ऑर्डर.

खाली केबल आहे का ते विचारू नका, जेसीबी सांगतोच.

बॅरिकेड म्हणजे दोन दगड आणि एक फांदी, तिला लाल कापड. रात्री लाल कापड दिसत नाही, पण तेव्हा आपण घरी असतो.

आता भरणी. पुस्तकात म्हणे पंधरा-वीस सेंटिमीटरचा थर टाकायचा, पाणी मारायचं, धुमस करायची म्हणजे ठोकून घट्ट करायची, मग पुढचा थर. वेळ कुणाला आहे? खणलेली माती, डबर, सिमेंटच्या गोण्या, चहाचे कप, सगळं एकदम लोटा, वरून जेसीबी दोनदा पुढेमागे करा, बोटभर डांबर फासा, फोटो काढा, पहिला पाऊस मुरला की आतली पोकळी बसते आणि रस्ता बसतो आणि मग लोक ओरडतात आणि मग पुन्हा टेंडर, आणि आम्ही मात्र घराचा टॅक्स वेळेत भरायचा, नाहीतर महिन्याला दोन टक्के दंड!

आधाराच्या फळ्या? छे. दीड मीटरपेक्षा खोल चराला आधार द्या, माती कडेपासून लांब टाका, असं आयएस 3764, म्हणजे खोदकामाच्या सुरक्षेचं भारतीय मानक, म्हणतं. म्हणू दे.

मी वरून बघितलं ना. दोन पोरं खाली वाकून जॉइंट आवळत होती, चर त्यांच्या डोक्याच्या वर, काठावर ओल्या काळ्या मातीचा ढीग आणि त्या ढिगावर उभा राहून मुकादम फोनवर बोलतोय. एक घनमीटर ओली माती दीड टनाच्या वर भरते हो! दरड सुटली तर हाक मारायलाही वेळ मिळत नाही. चार फळ्यांचे पैसे वाचवायला दुसऱ्याची पोरं खाली उतरवता? लाज नाही वाटत? आणि साहेब, तुम्ही गाडीची काच खाली न करता सही करून गेलात. उतरा खाली, त्या चरात उभे राहा दहा मिनिटं, मग करा सही.