फोर्स म्हणजे आपलं ब्रह्म? जरा थांबा

आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर हा मजकूर वर्षातून दोनदा तरी येतो. ‘स्टार वॉर्स’ या हॉलिवूडच्या चित्रपटमालिकेतली ‘फोर्स’ नावाची अदृश्य शक्ती म्हणजे उपनिषदांतलं ब्रह्म, तिच्यातला म्हातारा गुरू योडा म्हणजे योद्धा, तिचा कर्ता जॉर्ज लुकास याचे गुरू, मिथकतज्ज्ञ जोसेफ कॅम्बेल वेदान्ताचे अभ्यासक, आणि पुरावा म्हणून सिनेमात चक्क संस्कृत मंत्र. खाली ‘अभिमान वाटला तर पुढे पाठवा’. मला ज्ञानेश्वरीही प्रिय आणि त्या सिनेमांतली प्रकाशाची तलवार, लाइटसेबरही, त्यामुळे गप्प बसवत नाही.

मंत्रापासून सुरुवात करतो, कारण त्याचीच कथा सगळ्यात मजेशीर. १९९९च्या भागातल्या शेवटच्या द्वंद्वाला जॉन विल्यम्स यांचं जे समूहगान आहे, त्याचे शब्द खरंच संस्कृतातून आलेत. पण मूळ एका जुन्या वेल्श कवितेत आहे, झाडांच्या लढाईवरच्या. जिभेच्या मुळाशी एक भीषण लढाई आणि डोक्यात मागे दुसरी पेटलेली, अशा अर्थाच्या तिच्यातल्या ओळी विल्यम्सना रॉबर्ट ग्रेव्ह्जच्या पुस्तकातून मिळाल्या. त्यांनी त्या संस्कृतात करून घेतल्या आणि मग कानाला भारदस्त लागतील अशी अक्षरं मागेपुढे केली. मी हेडफोन लावून चार वेळा ऐकलं. ‘कोरा माता, कोरा रातामा’ असलं काहीतरी कानावर येतं. शाळेत शंभर मार्कांचं संस्कृत घेतलं होतं, पण अन्वय काही लागेना. लागणार कुठून?

योडाचं लवकर उरकतो. १९७८च्या पटकथेच्या पहिल्या खर्ड्यात या पात्राचं नाव ‘मिंच’ होतं. चेहरा स्टुअर्ट फ्रीबर्न यांनी घडवला, थोडा स्वतःचा, थोडा आइन्स्टाइनचा. शिवाय लढायांनी कुणी मोठं होत नाही, असं शिष्याला सुनावणाऱ्या म्हाताऱ्याला योद्धा म्हणायचं? ‘पद्मे’ या राणीच्या नावात मात्र आपलं कमळ स्पष्ट दिसतं. तेवढं मान्य.

कॅम्बेल यांच्याबद्दलचं अर्धं बरोबर आहे. १९४२ साली श्रीरामकृष्णांच्या वचनांचं इंग्रजी भाषांतर आलं, त्याला त्यांनी स्वामी निखिलानंदांना मदत केली होती. पण लुकासच्याच सांगण्यानुसार त्याने कॅम्बेल वाचला तो कथेचे एक-दोन खर्डे झाल्यावर. १९७४च्या खर्ड्यात ‘फोर्स ऑफ अदर्स’ आधीच हजर आहे. आणि तो शब्द आला कॅनडातून. आर्थर लिप्सेटने १९६३च्या सुमारास केलेल्या ‘२१-८७’ या जेमतेम दहा मिनिटांच्या लघुपटाने विद्यार्थिदशेत लुकासला झपाटलं होतं. त्यात रोमन क्रॉइटर (पुढे आयमॅक्स काढणाऱ्यांपैकी एक) बोलताना ऐकू येतात. निसर्ग न्याहाळताना, इतर जिवांशी संवाद साधताना पुष्कळांना या दिसणाऱ्या मुखवट्यामागे कसलीतरी शक्ती जाणवते आणि ते तिला देव म्हणतात, असा त्यांच्या बोलण्याचा आशय. आपला शब्द हा त्याचाच प्रतिध्वनी, असं लुकासनेच पुढे सांगितलं. अशी कल्पना माणसं हजारो वर्षं मांडत आली आहेत, हेही तोच म्हणाला. गंमत बघा, ‘मुखवट्यामागे’ हा शब्द वेदान्ताच्या जितका जवळ जातो, तितका लुकासचा फोर्स कधीच जात नाही.

आता मुख्य दाव्याकडे येतो. १९७७च्या सिनेमात म्हातारा गुरू ओबी-वान नायक ल्यूकला समजावतो, की फोर्स हे सगळ्या जिवांनी निर्माण केलेलं ऊर्जाक्षेत्र आहे. म्हणजे आधी जीव, मग फोर्स. तैत्तिरीय उपनिषदात वरुण भृगूला सांगतो, ‘यतो वा इमानि भूतानि जायन्ते’, ज्याच्यापासून ही भूतं जन्मतात ते ब्रह्म. इथे गंगा उलटी वाहतेय. कुणी जाणकार २०१४च्या अॅनिमेशन भागाचा दाखला देईल. त्यात मेलेल्या जिवांचं चैतन्य विश्वव्यापी फोर्सला जाऊन मिळतं. वरुणाच्या त्याच वाक्यात पुढे ‘यत्प्रयन्त्यभिसंविशन्ति’ आहे, म्हणजे जाताना सगळे ज्यात शिरतात ते. हा तुकडा जुळतो, कबूल. पण तिथेही त्या विश्वव्यापी फोर्सला बळ पुरवतात ते जीवच. ज्ञानदेवांच्या पहिल्याच ओवीत ‘ॐ नमो जी आद्या’ आहे. त्यातलं ‘आद्या’ फोर्सला लावताच येत नाही.

त्याच ओवीतलं ‘स्वसंवेद्या’ तर त्याहून अडचणीचं. जे स्वतःच स्वतःला जाणतं, त्याला दुसऱ्याचं प्रमाणपत्र लागत नाही. फोर्सला लागतं. १९९९च्याच भागात छोट्या अॅनाकिनचं रक्त तपासतात आणि त्यातल्या मिडिक्लोरियन नावाच्या सूक्ष्मजीवांचा आकडा वीस हजारांच्या वर निघतो. हा पोरगा खास आहे हे त्यावरून ठरतं. थेट पॅथॉलॉजीचा रिपोर्टच! जुने चाहतेही यावर भडकले होते, ते वेगळं. तर कुणात जास्त, कुणात कमी, बापाकडून मुलाकडे चालत येणारी अशी ही शक्ती. आपल्याकडे पैठणची कथा सांगतात. वेद म्हणण्याचा अधिकार कुणाला, यावर ब्रह्मवृंदाने ज्ञानेश्वरांना अडवलं, तेव्हा त्यांनी रस्त्याने चाललेल्या रेड्याच्या डोक्यावर हात ठेवला. रक्त कुणी तपासलं नाही.