काय वाढलंय ते राहू द्या, आधी कोणता डोळा ते सांगा

अभिनंदन! बायोटेकची डिग्री घेऊन, वर मेडिकल कोडिंगचं सर्टिफिकेट काढून तुम्ही हिंजवडीत किंवा ऐरोलीत बसलात आणि अमेरिकेतल्या माणसांच्या आजारांना नंबर द्यायला लागलात. नातेवाईक विचारतील, ‘म्हणजे सॉफ्टवेअरमध्ये ना?’ हो म्हणून टाका. खरं सांगायला गेलात तर मावशी स्वतःचे रिपोर्ट घेऊन येईल.

तर पहिला चार्ट, म्हणजे पेशंटच्या तपासणीची नोंद. डॉक्टरांनी लिहिलंय: डोळ्यात ग्रोथ, बिनाइन. पेशंटच्या दृष्टीने विषय संपला. काहीतरी वाढलंय, कॅन्सर नाही, देव पावला. तुमची शिफ्ट मात्र आत्ता कुठे सुरू होतेय.

१ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत आयसीडी-१०-सीएम हे आजारांच्या कोडचं नवं पुस्तक लागू झालं आणि १४,००० च्या आसपास असलेले निदानाचे कोड जवळजवळ ७०,००० वर गेले. बदकाची धडक बसली तर डब्ल्यू६१.६२ आहे. सासरच्यांशी पटत नसेल तर झेड६३.१. इतका दिलदार कारभार डोळ्याच्या बाबतीत हात आखडता घेईल, अशी आशा बाळगू नका.

आधी जागा बघा. तीळ पापणीच्या कातडीवर असेल तर डी२२.१. तोच तीळ पापणीची कड ओलांडून आत, बुबुळाच्या बाजूच्या पांढऱ्या भागावर असेल, तर डी३१.०. अगदी आत, रेटिनाच्या मागच्या कोरॉइड नावाच्या थरात असेल तर डी३१.३. अंतर मिलिमीटरचं, पण हद्दीवर अपघात झाला की दोन पोलीस ठाणी जशी एकमेकांकडे बोट दाखवतात, तसा हा मामला आहे. आणि आयुष्यभर उन्हातान्हात राबलेल्या माणसाच्या डोळ्यात मांस वाढलं असेल, ज्याला डॉक्टर टेरिजियम म्हणतात, तर तो ट्यूमर धरलाच जात नाही. त्याला गाठींच्या प्रकरणातून उठवून एच११.० मध्ये बसवायचं. तिथे पुढचा प्रश्न: ते वाढतंय की थांबलंय? कडेचं असून वाढत असेल तर एच११.०५, थांबलं असेल तर एच११.०४. पेशंटने शक्यतो ऑपरेशनच्या तारखेपर्यंत याबाबत ठाम राहावं.

मग डोळा. कोडच्या शेवटी उजव्याला १, डाव्याला २. कोणता ते लिहिलंच नसेल तर त्यासाठीही पुस्तकात कोड आहे, डी३१.००. तो वापरायचा नसतो. माणसाला डोळे दोनच, समोर बसून तपासणाऱ्या डॉक्टरांना कोणता ते दिसलं नाही, हे विमा कंपनीला पटत नाही. (इथे मी विमा कंपनीच्या बाजूने आहे. असं वरचेवर होत नाही, नोंद करून ठेवा.) निदान डाव्या डोळ्याचं आणि शस्त्रक्रियेच्या कोडला उजव्याचा मॉडिफायर, म्हणजे बाजू सांगणारं शेपूट लागलं, की विम्याचा क्लेम परत आलाच म्हणून समजा. पापण्यांना तर चौघींना चार मॉडिफायर, ई१ ते ई४. एवढं लक्ष त्यांच्याकडे काजळ लावतानाही कुणी देत नाही.

डॉक्टर कधी लिहितात, ‘नक्की काय आहे सांगता येत नाही.’ नवशिक्या मंडळी लगेच डी४८.७ वर झडप घालतात, कारण त्यात ‘अनसर्टन’ हा शब्द आहे. घाला की! ऑडिटवाल्यांनाही काम हवं. तो कोड पॅथॉलॉजिस्टने तुकडा सूक्ष्मदर्शकाखाली बघूनही गाठीची वागणूक, म्हणजे साधी की कॅन्सरची, ठरवता आली नाही, तेव्हासाठी असतो. डॉक्टरांच्या संभ्रमाला तिथे जागा नाही. ‘बहुधा’, ‘संशय आहे’ असं लिहिलेलं निदान ओपीडीच्या चार्टवरून कोड करायचं नसतंच. पॅथॉलॉजीचा रिपोर्ट येईपर्यंत थांबा. थांबलात की टीएल, म्हणजे टीम लीडर, विचारेल, चार्ट पेंडिंग का? नाही थांबलात तर चुका तपासणारा क्यूए विचारेल, घाई का? अचूकता ९५ टक्क्यांच्या वर हवी आणि तासाचं टार्गेटही. दोन्ही एकदम मागणारे दोघे एकाच कॅन्टीनमध्ये एकाच टेबलावर जेवतात.

टेम्पलेटवर, म्हणजे डॉक्टरांच्या तयार साच्यातल्या मजकुरावर मात्र डोळे मिटून विश्वास ठेवा. तपासणीच्या रकान्यात छापल्यासारखं लिहिलेलं असतं, ‘दोन्ही डोळे, कंजंक्टायव्हा (डोळ्याच्या पांढऱ्या भागावरचा पातळ पडदा) पांढरा आणि शांत.’ खाली निदानात उजव्या डोळ्यात नाकाकडून आलेलं, बुबुळावर तीन मिलिमीटर चढलेलं टेरिजियम. मागच्या भेटीतही तोच शांत कंजंक्टायव्हा, त्याच स्पेलिंगच्या चुकीसह. ऑपरेशनचे पैसे द्यायचे की नाही हे ठरवणारा माणूस नेमका हाच रकाना वाचतो. दृष्टी किती घटली, नंबर किती तिरका झाला, हे त्याला हवं असतं. ‘डोळा लाल दिसतो, आरशात बघवत नाही’ एवढ्यावर तो ऑपरेशनला सौंदर्यप्रसाधनात काढतो.

राहता राहिली क्वेरी. डॉक्टरांना विचारायचं, पण उत्तर सुचवायचं नाही. ‘उजवाच ना?’ हा गुन्हा. ‘कृपया प्रभावित डोळा नमूद करावा: उजवा, डावा, दोन्ही, की सांगता येत नाही?’ ही सभ्यता. तिकडे तेव्हा दुपार असते, डॉक्टर ओपीडीत. तुम्ही पहाटेच्या कॅबमध्ये बसायच्या आत उत्तर येतं: ‘हो.’

त्याच मजकुराची क्वेरी पुन्हा पाठवा. या वेळी ‘कृपया’ दोनदा.